चव्वेचाळीस रुपये

दारव्ह्याहून सव्वासहाची गाडी.
आता तिच्यात मी खिडकीशी बसतो.
वाहक पोरगा ओळखतो मला, म्हणतो,
"राहू द्या ना काका, तुमी आपलेच."
मी म्हणतो, मशीन दाब बाप्पा.
पूर्ण तिकीट. नागपूर.

तिकिटं मी फेकत नाही.
वनमालानं शिवलेल्या कापडी पिशवीत
दर तारखेची दोन, जायचं आणि यायचं.
यवतमाळची जुनी तिकिटं अजून धड आहेत,
भोकं जिथल्या तिथे;
मशीनच्या तिकिटांवरची अक्षरं मात्र
एका उन्हाळ्यात उडून जातात.
काझी वकील पिशवी पाहून म्हणाले होते,
"शालिकराव, हा पुरावा नाही होत."
म्हटलं, नसू द्या.

आरोपपत्र पाठ आहे मला.
सदर वाहकाने अकरा प्रवाशांकडून भाडे वसूल करून
तिकिटे दिली नाहीत, अपहार
रुपये चव्वेचाळीस फक्त.
'फक्त' कोणी लिहिलं असेल?
त्या एका शब्दावर माझी चौदा वर्षं गेली.

बाजाराचा सोमवार होता.
टपावर टोपल्या, आत नव्वद माणसं.
मी मागून तिकिटं फाडत पुढे येत होतो,
इंजिनाजवळची अकरा राहिली होती
आणि लाडखेड फाट्यावर पांढरी जीप आडवी.
तिकीट? साहेबांनी विचारलं.
कौतिकाबाई घाबरली.
"पैशे देल्ले जी," म्हणाली,
आणि पैसे तर तिच्याच मुठीत होते, घामानं ओले.
मूठ उघड, असं कोणी म्हटलं नाही.
माझी रोकडही कोणी मोजली नाही.
अंगठा घेतला तिचा कागदावर,
आणि शाई पुसायला जागा नव्हती म्हणून
तिनं तो माझ्या खाकी बाहीला पुसला.

खात्याच्या चौकशीला
अकरांपैकी एकही आला नाही.
चौकशी अधिकारी म्हणाले, यायलाच पाहिजे असं नाही.
बडतर्फीचा कागद आला तेव्हा
मी आगाराच्या नळावर पाणी पीत होतो.
बिल्ला तिथेच काढून दिला.

एक सांगतो, कोर्टात नाही सांगितलं.
त्याच्या दोन वर्षं आधी, दिग्रसच्या रात्रगाडीत
चौघांचे मी घेतले होते.
घरी आजारपण नव्हतं, सण नव्हता.
घेतले. सतरा रुपये.
दुसऱ्या दिवशी कोंबडी आणली, सगळ्यांनी चवीनं खाल्ली.
ते कुठल्याच फायलीत नाही.
मला विचारलं ते नेमकं त्या सोमवारचं,
आणि त्या सोमवारी मी काही केलं नव्हतं.

कामगार न्यायालय म्हणालं,
शिक्षा कसुरीच्या मानाने फार जास्त;
कामावर घ्या, मागचा पगार नाही.
वनमालानं पेढे वाटले.
मला रात्री झोप नाही.
म्हणजे कसूर राहिलीच की,
शिक्षा तेवढी उतरली.
मग महामंडळ नागपूरला गेलं, स्थगिती आणली.
मीही गेलो, त्या एका शब्दासाठी.
मागच्या मार्चात अठ्ठावन्न पूर्ण झाली.
आता जिंकलो तरी गाडी नाही मिळायची.

गेल्या आठवड्यात कौतिकाबाईचं घर शोधलं.
डोळ्यांत मोतीबिंदू, दारात शेळी.
गाडी तिला आठवेना, जीप आठवेना.
शाई आठवली.
"मायापाई तुमची नौकरी गेली का जी?"
मी काही बोललो नाही.
ती उठली, कमरेची पिशवी सोडली,
चाचपडत चार नाणी काढली,
"घ्या. तवाचे राह्यले."

हात आपोआप खांद्याकडे गेला,
जिथे चामडी पिशवीचा पट्टा असायचा.

नाणी तिकिटांमध्ये ठेवली आहेत.
काझींना अजून दाखवली नाहीत.
गुरुवारी तारीख आहे.